वाचकांचे प्रश्न : सिमेंटवाल्यांची टीम आणि हरलेल्या फायनली

मागच्या अंकात पावसाळी फुटबॉल स्पर्धांवर लिहिताना मी सहज एक वाक्य टाकलं होतं, की जिंकलेली मॅच शेवटच्या पाच मिनिटांत कशी घालवायची ते मेक्सिकोच्या क्रूझ अझुल क्लबकडून शिकावं. त्या एका वाक्यावर इतकी पत्रं आणि व्हॉट्सअ‍ॅप मेसेज आलेत की बाकीचे सगळे प्रश्न पुढच्या महिन्यावर ढकललेत (मेस्सी की रोनाल्डो हा पण त्यात आहे, तो दर महिन्याला असतोच, त्यांनी रागावू नये). यावेळी एकच क्लब घेतोय. आणि आधीच सांगून ठेवतो, हरण्याचे किस्से भरपूर आहेत पण मला या क्लबबद्दल सांगायचंय ते वेगळंच आहे, ते हळूहळू येईल.

प्रश्न : माका एक सांगा, जर्सीर मोठो क्रॉस आसा, मगे ही हॉस्पिटलवाल्यांची टीम की चर्चवाल्यांची? — एक वाचक, वेंगुर्ला

दोन्ही नाय ओ, सिमेंटवाल्यांची. मेक्सिको सिटीच्या उत्तरेला इदाल्गो राज्य आहे, तिथे ‘तुला’ नावाचं गाव आहे, त्याच्याजवळ हासो नावाची जागा आहे. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटापासून तिथे आधी चुन्याचा आणि मग सिमेंटचा कारखाना चालतो, त्याचं नाव ला क्रूझ अझुल. २२ मे १९२७ ला त्या कारखान्यातल्या कामगारांनी टीम काढली आणि कारखान्याचंच नाव टीमला दिलं. लाल चौकटीत पांढरा गोल आणि त्याच्यात निळा क्रॉस, जो मार्का गोणीवर तोच छातीवर. त्या काळी कारखान्यात बेसबॉलचं वेड जास्त होतं, मग टीम कुठल्या खेळाची काढायची यावर मतदान झालं आणि फुटबॉल जिंकला असं सांगतात. म्हणजे पहिली निवडणूक तरी क्लबने जिंकली, पुढचं पुढे.

प्रेक्षक त्यांना सेमेन्तेरोस म्हणतात, म्हणजे सिमेंटवाले, आणि सत्तरच्या दशकात ज्या पद्धतीने खेळायचे त्यावरून दुसरं नाव पडलं, ला माकिना, मशीन.

प्रश्न : तुम्ही लिहिलंत की हा क्लब कामगारांच्या सहकारी सोसायटीचा आहे. मी मच्छीमार सोसायटीत बरीच वर्षं हिशेब बघितलेत, त्यामुळे विचारतो, कामगारांच्या हातात अख्खा सिमेंट कारखाना आला कसा? मालकाने दान दिला काय? — निवृत्त सेक्रेटरी, हर्णै

सर, तुमचा प्रश्न सगळ्यात आवडला, कारण बहुतेक लोकांना फक्त गोल आणि पेनल्टीच पाहिजे असतात. दान वगैरे काही नाही. १९३१ साली, जागतिक मंदीच्या दिवसांत, ला तोल्तेका नावाच्या दुसऱ्या सिमेंट कंपनीने हा कारखाना विकत घेतला, आणि घेतला तो चालवायला नाही, बंद करायला. स्पर्धाच संपवायची, सोपा हिशेब. हासोमध्ये दुसरं काम काय होतं, कारखाना गेला म्हणजे गाव गेलं. मग कामगार उठले, युनियन, कोर्टकचेरी, राज्य सरकारकडे खेटे, सगळं केलं, आणि २ नोव्हेंबर १९३१ ला कारखाना त्यांच्या ताब्यात आला. मेक्सिकोत २ नोव्हेंबर हा मेलेल्या माणसांची आठवण काढायचा सण, आपल्या सर्वपित्रीसारखा, आणि नेमक्या त्या दिवशी मेलेला कारखाना जिवंत झाला. कादंबरीत कोणी लिहिलं असतं तर आपण म्हटलं असतं की जरा जास्तच झालं.

१९३२ मध्ये इदाल्गो सरकारने रीतसर संपादन करून कारखाना कामगारांना दिला, फुकट नाही, किंमत हप्त्याहप्त्याने फेडायची होती. १९३४ ला सहकारी संस्था रजिस्टर झाली. सभासद कोण, तर भट्टीवर आणि खाणीत काम करणारीच माणसं.

मग १९५३ मध्ये गियेर्मो आल्वारेझ मासियास नावाचा माणूस संस्थेचा मॅनेजर झाला आणि १९७६ मध्ये जाईपर्यंत तोच होता. हा माणूस लक्षात ठेवा, आणि त्याचं आडनाव तर जास्तच लक्षात ठेवा. याच्या काळात संस्था प्रचंड वाढली, ओआहाका राज्यात लागुनासला दुसरा प्लांट जोरात आला, सभासदांना घरं, शाळा, दवाखाना, आणि गावाचं नावच पडलं सिउदाद कोऑपेरातिवा क्रूझ अझुल. गावात स्टेडियम बांधलं, त्याचं नाव १० डिसेंबर. आणि फुटबॉलची टीम, जी तीसेक वर्षं ड्युटी संपल्यावर खेळायची टीम होती, ती त्याने व्यावसायिक लीगमध्ये उतरवली. १९६४ मध्ये हंगेरियन कोच होर्हे मारिक यांच्या हाताखाली दुसरी डिव्हिजन जिंकून क्रूझ अझुल पहिल्या डिव्हिजनमध्ये आली. राजधानीतले श्रीमंत क्लब सिमेंटच्या धुळीतल्या त्या छोट्या गावात मॅच खेळायला यायचे आणि बरेचदा हरून जायचे.

बाकी क्लबांचा मालक कोण तर टीव्हीवाला, बिअरवाला, कोणतरी उद्योगपती, आणि इथे मालक भट्टीवरचा माणूस, कागदोपत्री का होईना. मला हा क्लब आवडायचं कारण हे आहे.

प्रश्न : काका, नेटवर शोधलं तर फक्त हरलेल्या मॅचचे मीम येतात. ही टीम कधी चांगली होती का खरंच? — बारावीतला एक, राजापूर

होती का म्हणजे? १९६९ ते १९८० मध्ये सात वेळा लीग चॅम्पियन! वर आल्यापासून पाचव्याच सीझनला, १९६८–६९ ला, कोच राऊल कार्देनासच्या टीमने लीग जिंकली, त्याच वर्षी मेक्सिकोचा कप पण जिंकला आणि कॉन्काकाफचा म्हणजे उत्तर आणि मध्य अमेरिकेचा चॅम्पियन्स कप पण. तो कॉन्काकाफ कप मग १९७० आणि १९७१ ला पण त्यांचाच, सलग तीन.

१९७१ मध्ये टीम गावातून उठून मेक्सिको सिटीत अझ्टेका स्टेडियमला गेली. गावातल्या जुन्या लोकांना ते लागलं असणार, पण गर्दी मावेना हे पण खरं. आणि तिथे गेल्यावर लगेच १९७२ च्या फायनलला क्लब अमेरिकाला ४–१ ने उडवलं. अमेरिका म्हणजे देश नाही हं, मेक्सिको सिटीचाच क्लब, टीव्हीवाल्यांचा, पैसेवाला, आणि अझ्टेका हे त्यांचंच घर. त्यांच्या घरात ४–१. मग ७२–७३, ७३–७४ अशी सलग तीन टायटलं झाली आणि दशकाच्या शेवटी इग्नासिओ त्रेयेस या बुजुर्ग कोचने ७८–७९ आणि ७९–८० अशी आणखी दोन आणली.

त्या टीमचा गोलकीपर मिगेल मारीन, अर्जेंटिनाचा, त्याला प्रेक्षक सुपरमॅन म्हणायचे. मेक्सिकोत खेळलेल्या सगळ्यात भारी गोलकीपरमध्ये त्याचं नाव घेतात, आणि याच माणसाने अ‍ॅटलांटे क्लबविरुद्ध बॉल हाताने फेकताना स्वतःच्याच जाळ्यात टाकला होता. व्हिडिओ मिळेल, बघ. टीममेटला द्यायला हात मागे नेतो, मधेच विचार बदलतो, आणि बॉल मागे. सुपरमॅनचं हे, तर बाकीच्यांचं काय घेऊन बसलास. पुढे हार्टच्या त्रासामुळे त्याला खेळणं सोडावं लागलं.

प्रश्न : मगे झाला काय? कोणाची नजर लागली? आमच्याकडे असा झाला आसता तर रवळनाथाक गाऱ्हाणा घातला आसता. हरलेल्या फायनलींचा जरा सविस्तर लिवा. — मालवणहून एक दुकानदार

घालूकच होया होता, पण कोण घालतलो! बसा निवांत, हे लांबणार आहे.

१९८० नंतर गाडी अडकली. १९८१, ८७, ८९, ९५ अशा चार फायनली हरले, पण तेव्हा कोणी पनवती वगैरे म्हणत नव्हतं, चालायचंच. मग आला ७ डिसेंबर १९९७. फायनल दोन मॅचची असते, पहिली क्रूझ अझुलने १–० जिंकलेली, दुसरी लिऑन शहरात, तिथे लिऑनने १–० करून बरोबरी साधली. एक्स्ट्रा टाइम, तेव्हा गोल्डन गोलचा नियम, म्हणजे जो आधी गोल करेल तो चॅम्पियन, तिथेच शिट्टी. क्रूझ अझुलचा स्ट्रायकर कार्लोस एर्मोसियो बॉक्समध्ये घुसला आणि लिऑनचा गोलकीपर आंखेल कोमिझो याने त्याला तोंडावर लाथ घातली. पेनल्टी. एर्मोसियोचं तोंड रक्ताने भरलेलं, रेफरी अर्तुरो ब्रिझिओ त्याला म्हणतोय आधी रक्त पूस, याचं लक्ष फक्त बॉलकडे. मारली पेनल्टी, गोल, चॅम्पियन, आठवं टायटल. त्या रक्ताळलेल्या तोंडाचा फोटो मेक्सिकोत फुटबॉल न बघणाऱ्यांनी पण पाहिलाय.

आणि तिथून पुढे २३ वर्षं लीग टायटल नाही.

१९९९ ला पाचुकाविरुद्ध फायनल, आपल्याच ग्राउंडवर, गोल्डन गोलवरच हरले, म्हणजे जे घेतलं ते व्याजासकट परत गेलं. २००८ मध्ये एकाच वर्षात दोन फायनली हरले, एक सांतोस लागुनाशी आणि एक तोलुकाशी पेनल्टीवर. २००९ ला मॉन्तेरेशी. मधे २००१ ला तर दक्षिण अमेरिकेच्या कोपा लिबर्तादोरेसची फायनल गाठली, तिथे पोचलेला मेक्सिकोचा हा पहिला क्लब, समोर बोका ज्युनियर्स. घरी १–० हरले, पण ब्युनोस आयर्सला जाऊन बोकाच्या त्या बोंबोनेरा स्टेडियममध्ये, जिथे भल्याभल्यांचे पाय लटपटतात, पाको पालेन्सियाच्या गोलवर १–० जिंकले. आणि पेनल्टीवर हरले. या हरण्याला मात्र मी हसत नाही, ही टीम शाबासकीला पात्र होती.

आता २०१३. तारीख २६ मे, अझ्टेका, समोर जुना वैरी क्लब अमेरिका. पहिली मॅच क्रूझ अझुलने १–० जिंकलेली. दुसऱ्या मॅचला सुरुवातीलाच अमेरिकाच्या हेसुस मोलिनाला रेड कार्ड, मग तेओफिलो गुतिएरेझचा गोल, म्हणजे एकूण २–० आणि समोर दहाच माणसं. धो धो पाऊस. असंच चालत चालत ८८ मिनिटं गेली. क्रूझ अझुलचे फॅन रडायला लागलेले, आनंदाने. मग अमेरिकाच्या मोस्केराने हेडरने एक गोल काढला. ठीक आहे, अजून एक गोल हातात आहे. एक्स्ट्रा मिनिटं चालू, शेवटचा कॉर्नर, अमेरिकाचा गोलकीपर मोइसेस मुन्योझ आपलं घर मोकळं सोडून पुढे आला, गोलकीपर हो, आणि त्याने झेपावून डोकं घातलं, बॉल क्रूझ अझुलच्या अलेहांद्रो कास्त्रोला लागून आत. २–२. पेनल्टीत अमेरिका ४–२. त्या पेनल्टी चुकवणाऱ्यांत कास्त्रो पण होता, बिचारा.

त्यानंतर मेक्सिकोत क्लबच्या नावाचं क्रियापदच रुळलं, परीक्षेत, नोकरीत, प्रेमात, कुठेही हातातोंडाशी आलेला घास गेला की लोक ते वापरतात. २०१८ ला पुन्हा अमेरिकाविरुद्ध फायनल, पुन्हा हार, अमेरिकाच्या एदसोन आल्वारेझने दोन्ही गोल मारले. आणि मला विचाराल तर २०१३ पेक्षा वाईट २०२० ची सेमीफायनल, पुमास क्लबला पहिल्या मॅचला ४–० हरवलं, म्हणजे झालंच की काम, आणि दुसऱ्या मॅचला तेच पुमास ४–० जिंकले. एकूण ४–४, आणि टेबलमध्ये पुमास वर होते म्हणून ते पुढे. असं ठरवून पण करता येत नाही.

नजर कधी उतरली ते पण सांगतो. जानेवारी २०२१ मध्ये हुआन रेनोसो कोच म्हणून आला, पेरूचा माणूस, १९९७ च्या त्या टीममध्ये डिफेंडर होता. त्या सीझनला सलग १२ मॅच जिंकले. फायनल सांतोस लागुनाशी, पहिली लुइस रोमोच्या गोलवर १–०, दुसरी ३० मे २०२१ ला अझ्टेकात, सांतोसने आधी गोल केला तेव्हा अख्ख्या मेक्सिकोने म्हटलं असेल, आलं, आलं, परत तेच. पण जोनाथन रॉड्रिगेझने बरोबरी केली आणि १–१ वर मॅच संपली. कोविडमुळे स्टेडियम अर्धं पण भरलेलं नव्हतं, तेवीस वर्षं वाट बघितलेले बरेचसे लोक रस्त्यावर होते.

पुढच्याच वर्षी, ऑगस्ट २०२२ ला, अमेरिकाकडून ७–० खाल्ले ते सांगायचं राहिलं असं कोणी म्हणू नये म्हणून सांगतो.

प्रश्न : २००८ मध्ये एका वर्षात दोन फायनली हरले हे कसं? लीग वर्षातून एकदा असते ना? — अलिबाग

तिकडे १९९६ पासून वर्षाला दोन छोट्या स्पर्धा होतात, एक जुलै ते डिसेंबर, एक जानेवारी ते मे, दोन्हीचा चॅम्पियन वेगळा. लीगनंतर वरच्या टीमची नॉकआउट असते, तिला लिगिया म्हणतात. त्यामुळे टेबलमध्ये पहिला येऊन पण उपयोग नसतो, चार दिवस वाईट गेले की घरी. क्रूझ अझुलसारखी टीम साध्या लीग पद्धतीत असती तर कपाट बरंच भरलेलं असतं असं माझं मत आहे, पण हे मत त्यांच्या फॅनना सांगितलं तर मारतील.

प्रश्न : सहकारी संस्थेचा क्लब म्हणून तुम्हाला एवढं कौतुक, पण आम्ही बातम्यांत वाचलं की त्यांच्या अध्यक्षाला अटक झाली. सहकार म्हटलं की शेवटी एकच घराणं खुर्चीवर, हे तिकडे पण आहे का? — एक वाचक, देवगड

आहे, आणि म्हणूनच तो आल्वारेझ लक्षात ठेवा म्हटलं होतं. जुन्या मॅनेजरचा मुलगा गियेर्मो आल्वारेझ क्वेवास, सगळे त्याला बिली म्हणतात, १९८८ मध्ये संस्थेच्या प्रमुखपदी आला आणि २०२० पर्यंत तिथेच. ३२ वर्षं! घाटावरच्या एखाद्या साखर कारखान्याचं चेअरमनपद जसं वडिलांकडून मुलाकडे जातं, सभा होते, हात वर होतात, चहा-फरसाण होतं, तसंच. क्लबवर पण शब्द त्याचाच चालायचा. घरातलीच माणसं मग एकमेकांविरुद्ध कोर्टात गेली, भाऊ एकीकडे, मेव्हणा एकीकडे. २०२० मध्ये संघटित गुन्हेगारी आणि मनी लाँडरिंगच्या आरोपांवर बिली आल्वारेझच्या अटकेचं वॉरंट निघालं, त्याने पद सोडलं आणि तो गायब झाला. सापडला जानेवारी २०२५ मध्ये, मेक्सिको सिटीतच.

आता गंमत बघा, बिली गेल्यावर वर्षाच्या आत टायटल आलं. यावरून काही लोक म्हणतात की पनवती तीच होती. मी तसं म्हणणार नाही, रेनोसोचं डिफेन्स चांगलं होतं हे साधं कारण आहे. पण तेवीस वर्षांत कोच किती आले आणि गेले, महागडे परदेशी प्लेअर किती आले आणि गेले, आणि वरची खुर्ची तेवढी हलली नाही, हे पण बघायलाच पाहिजे.

आणि हे फक्त फुटबॉलपुरतं राहिलं नाही हो. संस्थेत दोन गट पडले, प्लांटचा ताबा कोणाकडे यावर भांडण इतकं वाढलं की एप्रिल २०२२ मध्ये तुलाच्या प्लांटवर मारामारी होऊन आठ माणसं मेली. १९३१ ला ज्या कारखान्यासाठी कामगार एकत्र उभे राहिले त्याच कारखान्याच्या गेटवर. मीमवाल्यांना यातलं काहीच माहीत नसतं, त्यांना फक्त मुन्योझचं डोकं माहीत आहे.

तरी सांगतो, क्लब अजून संस्थेचाच आहे, नवीन मंडळ आलं, व्हिक्तोर मानुएल वेलाझ्केझ अध्यक्ष झाले. १ जून २०२५ ला कॉन्काकाफ चॅम्पियन्स कपच्या फायनलला व्हँकुव्हर व्हाइटकॅप्सला ५–० ने हरवलं, हा कप सातव्यांदा. फायनल, पाच गोल, आणि शेवटच्या मिनिटाला काही झालं नाही.

प्रश्न : आमका क्रूझ अझुल नको, आमका समुद्रावरची टीम सांगा. मेक्सिकोत शार्क नावाची टीम आसा असा आयकलंय. — मालवण, दांडी

होती. वेराक्रूझ, मेक्सिकोच्या आखातावरचं जुनं बंदर, तिथला क्लब तिबुरोनेस रोहोस, म्हणजे लाल मुशी. १९४३ चा क्लब, १९४५–४६ आणि १९४९–५० ला चॅम्पियन. त्यांचा मोठा स्ट्रायकर लुइस दे ला फुएन्ते, टोपणनाव पिराता, समुद्री चाचा, स्टेडियमला पण त्याचंच नाव. एवढं सगळं वाचून तुम्ही जर्सी मागवायला निघाला असाल तर थांबा. शेवटच्या काळात क्लब एका खाजगी मालकाकडे होता आणि प्लेअरचे पगार महिनोन् महिने थकले. टीम वर्षभराहून जास्त काळ एकही लीग मॅच जिंकली नव्हती. ऑक्टोबर २०१९ मध्ये तिग्रेस क्लबविरुद्धच्या मॅचला शिट्टी वाजली आणि वेराक्रूझचे अकराच्या अकरा प्लेअर जागेवर उभे राहिले, हललेच नाहीत, पगार द्या म्हणून. तिग्रेसवाल्यांनी जरा वेळ बॉल इकडेतिकडे केला आणि मग उभ्या माणसांमधून जाऊन दोन गोल मारले. ते बरोबर की चूक यावर तिकडे अजून भांडतात, माझ्या मते चूक, सरळ चूक, आपल्याच धंद्यातल्या माणसाचा पगार अडकलाय आणि तुम्ही गोल काय मारता. त्याच डिसेंबरात फेडरेशनने क्लबची मान्यता काढून घेतली.

म्हणजे एकीकडे मालक एकच माणूस, तो बुडाला की टीम बुडाली. दुसरीकडे मालक शेकडो सभासद, ते एकमेकांच्या उरावर बसले तरी टीम खेळतेय. हर्णैच्या सेक्रेटरी साहेबांनी यावर काय वाटतं ते कळवावं, छापू.

प्रश्न : दादा, मॅच बघायची असेल तर आपल्याकडे किती वाजता? रात्री लाईट जाते, वायफाय पण. — कॉलेजवाली, दापोली

रात्रीचं टेन्शनच नाही, ही मॅच सकाळची असते. मेक्सिको सिटी आपल्यापेक्षा साडेअकरा तास मागे, म्हणजे तिकडे शनिवारी रात्री ९ ची मॅच इकडे रविवारी सकाळी साडेआठला, संध्याकाळी ७ ची असेल तर पहाटे साडेसहाला. २०२२ मध्ये त्यांनी उन्हाळ्यात घड्याळ पुढे करायची पद्धत बंद केली, त्यामुळे वर्षभर हाच हिशेब. पण काही शहरांचं घड्याळ वेगळं असतं, उदाहरणार्थ तिहुआना, ते शहर अमेरिका देशाच्या सीमेला चिकटलेलं आहे आणि घड्याळ पण त्यांच्यासारखंच ठेवतं, तिथली रात्री ९ ची मॅच आपल्याकडे उन्हाळ्यात साडेनऊला आणि थंडीत साडेदहाला सुरू होते, तेव्हा त्या रविवारी आईला आधीच सांगून ठेव की बाजारात तू जाणार नाहीस.